चालकाशी बोलू नये

आमच्या गाडीत पुढच्या काचेच्या वर एक पाटी आहे : गाडी चालू असताना चालकाशी बोलू नये. पाटी गाडीबरोबरच आली होती आणि आजवर ती कुणी वाचल्याचं मला आठवत नाही. मी मात्र गेला आठवडाभर ती इमानेइतबारे पाळत होते. गाडी चालू असतानाही आणि बंद असतानाही. चालक म्हणजे माझा नवरा.

आता हे साधं रुसणं नव्हे हं. रुसलं की माणूस भांडी आपटतं, दारं आपटतं, दुसऱ्याला ऐकू जाईल अशा बेताने उसासे टाकतं. हा आमचा पक्का अबोला होता. आमच्याकडे अबोल्याचा एकच नियम : जो आधी बोलेल तो हरला. लग्नाला इतकी वर्षं झाली, मी अजून एकदाही हरलेले नाही. त्यात माझा काही मोठा निर्धार वगैरे नाही. आमच्या ह्यांना मोजे सापडत नाहीत, एवढंच. दोन दिवस कसेबसे काढतात आणि मग "अगं, माझे मोजे..." म्हणत येतात बिचारे, की विषय संपला. पण या वेळी हा गृहस्थ मोजे न घालताच बूट चढवून गाडी चालवत होता. तेव्हाच मला कळायला हवं होतं की पाणी जरा खोल आहे.

आमचा धंदा अर्ध्या दिवसाच्या सहलीचा. गाडी ह्यांची, चालवतात हे, आणि बोलते मी. सकाळी स्टेशनसमोरच्या चौकातून निघायचं, धबधबा दाखवायचा, मग जुनं नाट्यगृह, मग डोंगर चढून तळं, आणि पलीकडच्या उतारावरून जेवायच्या वेळेला लोकांना परत आणून सोडायचं. "निसर्ग आणि संस्कृती एकाच सकाळी, जेवण ज्याचं त्याने" असं मी सुरुवातीलाच माइकवर सांगून टाकते, म्हणजे नंतर कटकट नको.

मी बसत नाही. पुढच्या दांडीला कंबर टेकवून उभी राहते, तोंड माणसांकडे, पाठ रस्त्याकडे. माइक खरखरतो म्हणून त्याला माझा रुमाल गुंडाळलेला असतो. ह्यांच्या शेजारची सीट आहे, पण तिच्यावर पाण्याचा कॅन, औषधांची पेटी, माझी पर्स आणि लोकांच्या नको असलेल्या पिशव्या बसतात. त्यांचा मान मोठा.

आणि हे? हे बोलत नाहीत. अबोला नसला तरी बोलत नाहीत. "हं" हा ह्यांचा आवडता शब्द. त्याचे हो, नाही, माहीत नाही आणि भूक लागली असे चार तरी अर्थ होतात आणि ते मला सगळे ओळखता येतात. म्हणून माइकवर मी ह्यांची जरा थट्टा करते. लोकांना मजा वाटते. विशेषतः तळ्याच्या अलीकडे. तिथे मोठं वळण येण्याआधी हे गाडी इतकी हळू करतात की शेजारून बकरीसुद्धा पुढे निघून जावी. मी रोज म्हणते, "मंडळी, इथे आमचे ड्रायव्हर साहेब एक डुलकी काढतात. कुणी उठवू नका." सगळे हसतात. खरं तर मला वाटायचं की ते क्लचचं दुखणं आहे. मेकॅनिकला दाखवा म्हणून किती वेळा मागे लागले. "हं" म्हणतात, आणि दुसऱ्या दिवशी त्याच जागी पुन्हा गोगलगाय.

मग वळण येतं, तळं एकदम समोर उभं राहतं, आणि सगळी गाडी एका सुरात "अहाहा" करते. मी ते वाक्य इतकं नेमकं बसवलंय की माझा "बघा!" आणि त्यांचं "अहाहा" यांत फट राहत नाही.

तर अबोल्याचं कारण. शहरातल्या एका मोठ्या सहल कंपनीचा माणूस आमच्याकडे आला होता. शर्टाच्या बाह्यांवर इस्त्रीची अशी धार की बोट कापावं. मी मनातल्या मनात त्याचं नाव इस्त्रीवाले साहेब ठेवून दिलं. गॅरेजच्या वर आमच्या दोन खोल्या आहेत, त्यातल्या स्वयंपाकघरात त्याला बसवलं. बसवलं म्हणजे एकमेव बरी खुर्ची त्याला दिली आणि हे पिठाच्या डब्याला टेकून उभे राहिले. तो म्हणाला, तुमची सहल आम्हाला आवडली. गाडी तुमची राहील, चालवाल तुम्ही, माणसं आम्ही पाठवू, वर्षभर. फक्त माहिती सांगायला आमचं मशीन असेल. मग त्याने फोनवर त्या मशीनचा आवाज ऐकवला. एक बाई बोलत होती. गोड, सपाट, जन्मात कधी सर्दी न झालेली. "ही थकत नाही, रजा घेत नाही, हव्या त्या भाषेत बोलते," तो म्हणाला, आणि माझ्याकडे वळून, "ताईंना पण आराम."

मी ओट्यापाशी चहा गाळत होते. मला वाटलं, आता आमचे हे एकदाचं तोंड उघडणार आणि म्हणणार, अहो, ही नाही तर सहल कसली? तोंड उघडलं खरं. म्हणाले, "विचार करतो."

विचार करतो! चाळणी माझ्या हातातच राहिली आणि चहा ओट्यावर. यात विचार कसला करायचा? बाजारात भाजी महाग झाली तर विचार करतो म्हणावं. बायकोला गाडीतून उतरवायचं की नाही, याचा विचार? साहेब म्हणाला, सावकाश करा, मी पुढच्या आठवड्यात स्वतः सहलीला येतो आणि सहल संपली की उत्तर घेऊन जातो. तो जिना उतरला आणि मी तोंडाला कुलूप लावलं.

लेक नोकरीच्या गावी असते. तिने फोन केला की आमचा संसार तिच्यामार्फत चालायचा. "तुझ्या बाबांना सांग, गॅस संपत आलाय." ती फोनवर ओरडायची, "बाबा, गॅस!" आणि हे समोरच्या भिंतीपाशी उभे राहून "हं" करायचे. शेवटी लेक म्हणाली, "तुम्ही दोघं माझी मुलं आहात का गं?" आणि फोन ठेवला.

गाडीत तर आणखी गंमत. आधी सगळे चढले की मी आतून दार सरकवून "चला हो" म्हणायचे आणि हे निघायचे. आता "चला हो" म्हणणं म्हणजे बोलणं झालं. म्हणून मी दाराच्या पत्र्यावर दोनदा थाप मारायला लागले. धाड, धाड. पहिल्याच दिवशी ह्यांना न सांगता कळलं. माझ्या मनातलं सोडून बाकी सगळं ह्यांना न सांगता कळतं.

तर त्या दिवशी इस्त्रीवाले साहेब आले आणि सगळ्यात मागे जाऊन बसले. पुढे एक आजी होत्या, ऊन नाही पाऊस नाही तरी हातात भलीमोठी छत्री. मध्ये एक नवं जोडपं होतं, ज्यांना एकमेकांच्या तोंडाशिवाय दुसरं प्रेक्षणीय स्थळ ठाऊक नव्हतं. आणखीही बरीच मंडळी होती. मी माइक हातात घेतला. आज असं बोलायचं ठरवलं होतं की त्या मशीनच्या बाईने पदर तोंडात धरावा.

"नमस्कार मंडळी. आपले चालक आज गप्प आहेत. म्हणजे रोजच असतात, आज जरा जास्त." लोक हसले. "आता पुढे रस्ता खणून ठेवलाय, तेव्हा आपण बाजाराच्या गल्लीतून जाणार आहोत. हे ज्यांना कळायला हवं त्यांना कळलंच असेल." उत्तरादाखल इंडिकेटर टिकटिकला. छत्रीवाल्या आजींनी एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा ह्यांच्या मानेकडे पाहिलं आणि हळूच हसल्या. बाईमाणूस बरोबर ओळखतं.

धबधब्यापाशी माझं काम झक्क झालं. कड्यावरून पाणी कसं पडतं, खालच्या खडकाला वाडगा कसा पडलाय, थंडीत तुषारांवर इंद्रधनुष्य नेमकं कुठे दिसतं, सगळं सांगितलं. नव्या जोडप्यानेसुद्धा एकदा पाण्याकडे बघितलं. साहेब मात्र मागे हात बांधून उभा. चेहऱ्यावरची माशी हलेना.

परत गाडीत चढताना आजींची छत्री दाराच्या खाचेत अडकली. आजी आत, छत्रीची मूठ आत, टोक बाहेर. मी खाली उतरले, छत्री बाहेर ओढून काढली. दार सरकवलं तर ते अर्ध्यातच रुसलं. आमच्या दाराचं असंच आहे, बाहेरून लावायचं झालं तर दोन दणके दिल्याशिवाय बसत नाही. दिले दोन दणके. धाड, धाड.

गाडी निघाली.

मी रस्त्यावर उभी, हातात परकी छत्री, आणि माझ्या संसाराचं मागचं टोक माझ्यासमोरून निघून चाललंय. एक हाक मारली असती तर थांबली असती हो गाडी. माझा आवाज काय कमी आहे? "अहो" एवढाच तर शब्द. तो अगदी दातांपर्यंत आला. आणि तिथे मला आठवलं, हाक मारली म्हणजे बोलले. बोलले म्हणजे हरले. इतक्या वर्षांत एकदाही न हरलेली बाई एका दारापायी हरणार? मी विचार करत राहिले आणि गाडी लांब गेली. पार टोकाला मागचे लाल दिवे एकदा लागले. मला वाटलं, चला, कळलं वाटतं. मग दिवे विझले आणि गाडी वळणाआड गेली.

पर्स गाडीत. फोन पर्समध्ये. मी आणि छत्री बाहेर.

रागाने माझ्या डोळ्यांपुढे काजवे चमकले. पण खरी धडकी भरली ती नंतर. साहेब गाडीत होता! त्याला जे हवं होतं ते मी माझ्या हाताने, दोन दणके देऊन, दाखवून दिलं होतं : बाई खाली राहिली आणि गाडी चालली. काही अडलं नाही कुणाचं. मशीनसुद्धा लागलं नाही. आता तो घरी जाऊन काय सांगणार? आणि हे काय उत्तर देणार? त्या दांडीला कंबर टेकवून उभं राहण्यापलीकडे मला या जगात काही येत नाही, आणि येतं ते मला फार आवडतं. ही गोष्ट मी कधी कुणाला सांगितली नव्हती, स्वतःलासुद्धा नाही. ती त्या रिकाम्या रस्त्यावर कळली आणि डोळ्यांत पाणी आलं. छत्री उघडून तोंडापुढे धरली. तेवढ्यासाठी ती बरी पडली.

धबधब्याजवळच्या टपऱ्यांना बर्फ पुरवणारी गाडी असते. बर्फवाल्याने मला पाहिलं आणि गाडी थांबवली.

"वहिनी, आज पायी? आणि उन्हाचा पत्ता नाही तरी छत्री?"

"नाट्यगृहापर्यंत सोडा," मी म्हटलं. "आमची गाडी पुढे गेली."

"विसरून गेले की सोडून गेले?"

"तुम्ही गाडी चालवा."

"मग हाक नाही मारलीत?" मी छत्री मिटायला लागले. बर्फवाल्याने माझ्याकडे नीट बघितलं. "म्हणजे बोलत नाही का तुम्ही? म्हणून हाक नाही मारली?" आणि मग जो काही हसत सुटला तो पार नाट्यगृह येईपर्यंत. "वहिनी, धन्य आहे तुमची. आमच्या घरी असता तर मी रोज विसरून गेलो असतो." मागे बर्फाच्या लाद्या आणि पुढे हा. पाठ गारठली, डोकं तापलं. जुन्या खालच्या रस्त्याने त्याने मला नाट्यगृहाच्या मागच्या दाराशी आणून सोडलं.

या नाट्यगृहाची एक खुबी आहे. रंगमंचावर मधोमध उभं राहून नुसतं कुजबुजलं तरी शेवटच्या रांगेत स्वच्छ ऐकू येतं. कुणी बांधलं त्याला माहीत कसं साधलं ते. मी रोज लोकांना लांबलांब बसवते, दिवे घालवायला लावते आणि रंगमंचावरून कुजबुजते, "माझा नवरा रात्री घोरतो." शेवटच्या रांगेतून हसू फुटतं. उलट दिशेने मात्र आवाज जात नाही, असंही सांगते. कधी करून बघितलं नाही, पण सांगते. हे आजवर एकदाही आत आले नव्हते. लोक आत गेले की हे बाहेर काचा पुसतात.

मागच्या दारातून शिरले तर आत काळोख, फक्त रंगमंचावर एक दिवा. आणि त्या दिव्याखाली, मधोमध, आमचे हे.

टोपी दोन्ही हातांत धरून पिळत होते. बुटांमधून उघडे घोटे दिसत होते. मी तिथेच खांबाआड थांबले. शेवटच्या रांगेत माझ्यापासून चार हातांवर इस्त्रीवाला बसला होता.

"तर हे नाट्यगृह," हे म्हणाले. मग मान वर करून छताकडे पाहिलं. "जुनं आहे."

पुढून आजी म्हणाल्या, "ते दिसतंय. पुढे?"

"पुढे... हे लाकूड आहे. खांब. एकही खिळा नाही असं ती सांगते, म्हणजे नसणार. ती रोज बाहेर येऊन मला सांगते, आज लोक कुठे हसले, कुठे जांभया दिल्या. त्यामुळे मला पाठ आहे तसं, पण माझ्या तोंडून ते..." पुन्हा टोपी पिळली. "आता ती इथून हळू बोलते. ते मागे ऐकू येतं म्हणतात. काय बोलते ते मात्र मला माहीत नाही. ते ती सांगत नाही."

मी ओठ चावला. घोरण्याचं कसं सांगणार?

"मी पण बोलून बघतो," हे म्हणाले, आणि आवाज खाली आणला. इतका की ओठ हलताना दिसावेत. आणि ते सगळं, श्वासासकट, माझ्या कानाशी येऊन पोचलं.

"ती माझ्याशी बोलत नाहीये. बरोबर आहे तिचं. मागे जे साहेब बसलेत, ते म्हणाले मशीन बोलेल. तेव्हा माझ्या डोक्यात पहिलं आलं ते हे, की मग ती बसेल. माझ्या शेजारी. ती कायम उभी असते, रस्त्याकडे पाठ करून. तळ्याचं वळण आलं की तुम्ही सगळे बघता, मी रोज बघतो. तिने नाही बघितलं अजून. ती तुमची तोंडं बघते. त्या रस्त्याला ती आमच्या गाडीशिवाय कधी आली नाही, आणि आमच्या गाडीत कधी बसली नाही. म्हणून म्हटलं, विचार करतो."

त्या नव्या नवरीने नवऱ्याच्या तोंडावरून नजर काढली होती, म्हणजे बघा.

"मग घरी बसून खरंच विचार केला. मला वेळ लागतो. मशीन आलं तर ती सीटवर नाही बसणार, घरी बसणार. हे माझ्या आधी लक्षातच आलं नाही. आणि मग ते तिला सांगायला गेलो तर ती बोलत नव्हती, आणि मला सुरुवात करता येत नाही. मोजे मागायचे असले की करतो. हे मोज्यांएवढं सोपं नव्हतं."

इस्त्रीवाले साहेब उठून उभे राहिले. "म्हणजे विचार झाला म्हणायचा?" त्यांनी मोठ्याने विचारलं.

हे दचकले. मग डोळ्यांवर हात धरून काळोखात बघत म्हणाले, "झाला. नाही जमणार."

"मग आमची स्वतःची मोठी गाडी येईल याच रस्त्यावर. हवा गार, आवाज गोड. तुमच्याकडे माणसं कमी होतील. तेही लक्षात घ्या."

"येऊ द्या," हे म्हणाले. "त्याचाही केला विचार."

ह्यांनी एका दमात इतकं बोललेलं मी आमच्या लग्नातसुद्धा ऐकलं नव्हतं. मला हुंदका आला, हसू आलं, आणि शेजारी जाऊन दोन धपाटे घालावेत असंही वाटलं. पण मधे सगळ्या रांगा आणि काळोख. आणि माझ्या तोंडातून, मी ठरवण्याआधीच, अगदी हळू, कुजबुजीपेक्षाही हळू शब्द निघाले.

"मोजे का नाही घातलेत?"

तो आवाज पुढे जायला नको होता. मी इतकी वर्षं लोकांना तसंच सांगत आले. पण गेला. रंगमंचावर ह्यांनी झटकन मान वर केली. चेहरा असा उजळला की दिव्याची गरज नव्हती.

"सापडले नाहीत," हे म्हणाले.

सगळं नाट्यगृह हसलं. आजींनी तर टाळ्या वाजवल्या. आणि टाळ्या वाजवता वाजवता मागे वळून म्हणाल्या, "अहो बाई, आधी माझी छत्री द्या."

बाहेर गाडीपाशी आलो. मी ह्यांना बघून घेणार होते. बायको मागे राहिली म्हटल्यावर माणसाने गाडी थांबवावी की नाही? पण आजींनीच सांगितलं. मी राहिल्याचं त्यांनी ओरडून सांगितलं होतं आणि ह्यांनी ब्रेकही मारला होता. ते लाल दिवे तेच. पण रस्ता एकेरी, पुढे आंधळं वळण, थांबायला जागा नाही की वळायला. "म्हणाले, ती येईल," आजी म्हणाल्या. "बर्फाची गाडी आहे मागे, आणि ती माझ्यापेक्षा हुशार आहे."

"असं म्हणाले?"

"मी काय खोटं सांगते? पण रस्ताभर आरशात बघत होते हो. मला तर भीती वाटत होती, आता कुठेतरी धडकवतात."

आत चढले तर पुढची सीट रिकामी होती. पाण्याचा कॅन नव्या नवऱ्याच्या मांडीवर होता, त्यामुळे त्याला बायको दिसेना. औषधांची पेटी साहेबांनी धरली होती. हो, साहेबांनी! ह्यांनी ती हातात दिली आणि त्यांनी मुकाट्याने धरली. ह्यांनी रिकाम्या सीटवर रुमाल मारला आणि मला म्हणाले, "बस."

"आणि बोलणार कोण?"

"आज राहू दे."

"लोक काय म्हणतील? सहलीला आलेत ते."

ह्यांनी काही न बोलता काचेच्या वरच्या पाटीकडे बोट केलं. मी बसले. आतून दार आजींनी सरकवलं आणि हौसेने पत्र्यावर दोन थापा मारल्या. धाड, धाड. आम्ही निघालो.

"तू आधी बोललीस," थोड्या वेळाने हे समोर बघत म्हणाले.

"तुम्ही आधी बोललात. सगळ्यांसमोर."

"मी लोकांशी बोललो. तुझ्याशी नाही. तू हरलीस."

मी मागे वळून साक्षीदार गोळा करणार होते, पण मागे बघितलं तर सगळ्यांनी खिडकीतून बाहेर बघायचं सोंग घेतलं होतं. पहिल्यांदाच हरले मी. फार काही वाईट वाटलं नाही.

चढ सुरू झाला. समोरून रस्ता येताना बघायची मला सवयच नव्हती. झाडं माझ्या पाठीमागून जाण्याऐवजी अंगावर येत होती. एकदा तर मी पायाने ब्रेक शोधला. हात उगाच माइककडे जात होता. माझी वाक्यं तोंडात येऊन बसली होती आणि मागे लोक वाट बघत होते, ते मला पाठीला कळत होतं.

आणि मग ती जागा आली. गोगलगायीची. ह्यांनी गिअर उतरवला आणि गाडी अगदी हळू केली. सवयीने मी म्हणणार होते, "मंडळी, इथे आमचे ड्रायव्हर साहेब..."

पण मी म्हटलंच नाही. कारण समोर दोन खडक होते, एकमेकांकडे झुकलेले, आणि त्यांच्या मध्ये एक फट. दार किंचित उघडं राहून आतल्या खोलीतला उजेड दिसावा, तसं त्या फटीतून तळं दिसत होतं. सगळं नाही, एक चिंचोळी पट्टी, वर नुकतंच पडलेलं ऊन आणि खाली निळं. गाडी नेहमीच्या वेगाने गेली असती तर डोळा लवायच्या आत निघून गेलं असतं. हळू गेली म्हणून राहिलं, गाडीबरोबर थोडं सरकलं, आणि मग खडक मिटले.

क्लच ठणठणीत होता. कधीच काही झालं नव्हतं त्याला. इतकी वर्षं मी या जागेवर लोकांना हसवत होते, आणि माझ्या पाठीशी हा माणूस एकटा हे बघत होता, आणि रोज माझी थट्टा संपेपर्यंत गाडी धरून ठेवत होता. मी ह्यांच्याकडे पाहिलं.

"पुढे बघ," हे म्हणाले. "येतंय."

वळण आलं आणि तळं सगळंच्या सगळं समोर उभं राहिलं. मागून रोजचं "अहाहा" आलं नाही. "बघा" म्हणणारी गप्प होती म्हणून सगळे खोळंबले होते. शेवटी छत्रीवाल्या आजींनी माझ्या खांद्याला छत्रीच्या मुठीने हळूच टोचलं.

"बाई, बोला की काहीतरी."

"थांबा हो आजी," मी म्हटलं. "मला बघू द्या जरा."